लाईट गेली त्या दुपारचा माग

वडगाव, बेळगाव
३ नोव्हेंबर २०२५

प्रिय मष्णू,

सुबरावचा रामराम. आरोहीला गोड पापा.

पाकीट बघून हसला असशील. हल्ली पत्र कोण लिहितं? आमच्या स्वरूपनंही विचारलं, "आजोबा, फोन हाय की उशाला." आहे खरा. पण तुझा आवाज ऐकला की मी फोन ठेवून देतो. दिवाळीत दोनदा रिकामा फोन आला होता ना तुला? तो माझाच.

इकडे सगळे ठीक. विक्रमचं फौंड्रीतलं काम चालू आहे. स्वरूप यंदा दहावीला, त्यामुळे घरात टीव्ही बंद. सूनबाई तेजस्वी तिच्या दवाखान्याच्या ड्यूटीवर जाते-येते. गल्लीतले यंत्रमाग आपले सकाळपासून खडखडतात. तुझ्या जुन्या घरात आता मोबाईल दुरुस्तीवाला आलाय, कट्टा मात्र त्यानं ठेवलाय. निपाणीत थंडी पडली का? आरोहीचा पुढचा दात पडला होता, नवा आला का?

परवाच्या एक तारखेच्या, काळ्या दिनाच्या फेरीला यंदा मला जाता आलं नाही. चाळीस वर्षांत पहिल्यांदा चुकली. काळी फीत खिशात तशीच राहिली. काय करणार, तब्येत साथ देत नाही. लकवा मारून गेल्यापासून डावं अंग असं-तसंच होतं, आता उठबसही होत नाही. पडूनच असतो.

तुझ्या सौमीचं कळतं तेव्हा वाईट वाटतं. पण कोर्टकचेरीच्या गोष्टी आपल्या हातात कुठे असतात? दोघी आपल्याच लेकी. होईल ते बऱ्यासाठीच होईल.

हात दुखतो आहे. इथे थांबतो.

५ नोव्हेंबर

मष्णू, परवाचं पत्र टाकलं नाही. उशीखाली होतं. आज दुपारी काढून वाचलं आणि मलाच माझी लाज वाटली.

उठबस होत नाही, हे खोटं आहे. हात दुखतो, हेही खोटं. "आपल्या हातात कुठे असतात" हे तर सगळ्यात मोठं खोटं. खोडणार मात्र नाही. खोडलं तर तुला कळायचं नाही की तुला लिहायला बसलो तेव्हासुद्धा माझ्या तोंडून आधी तेच आलं. पाच महिन्यांत इतकी सवय लागली आहे.

आता सगळं नीट सांगतो. त्यातलं बरंच तुला ठाऊक आहे, पण या बाजूनं तू ऐकलेलं नाहीस.

जूनमध्ये नर्सेसच्या बदल्यांची यादी लागली. तेजस्वीनं ती मोबाईलवर उघडली आणि मोठ्यानं म्हणाली, "मामा, मष्णूकाकांची सौम्या येत्येय आमच्या केंद्रात!" आनंदानं म्हणाली रे. सौमी नऊ वर्षं तिकडे लांब यादगिरीकडे, लेक आजोबांपाशी, जावई गोव्यात, हे सगळं तिला ठाऊक होतं. मग तिनं यादी अजून खाली सरकवली. तिथं तिचं स्वतःचं नाव होतं, आणि पुढं यादगिरीकडचं गाव. सौमी तिच्याच जागेवर येत होती. तेजस्वी मोबाईल पालथा ठेवून भाकऱ्या थापायला बसली. त्या दिवशी भाकऱ्या जाड झाल्या.

विक्रम दुसऱ्याच दिवशी नागेंद्र वकिलांना घरी घेऊन आला. माणूस वाईट नाही. खुर्चीत बसून सरळ बोलला. "बदलीवर ट्रायब्युनलातून स्टे मिळतो. पण मुद्दा पाहिजे. मॅडमना इथं नऊ वर्षं झाली, तेव्हा मुदतीआधी हलवलं असं म्हणता येत नाही. मुलगा दहावीला, हे सगळेच सांगतात. घरात अंथरुणाला खिळलेलं कुणी हाय काय? ज्याचं सगळं सुनेलाच करावं लागतंय असं?"

विक्रम माझ्याकडे बघून लगेच नजर खाली घालायचा. तेजस्वीनं तर बघितलंही नाही.

मीच म्हटलं, "मी हाय की."

हसत म्हटलं, मष्णू. माझ्यावर कुणी जबरदस्ती केली नाही. नऊ वर्षं ती पोर दिवसभर दुसऱ्यांची बाळंतपणं करून घरी येते आणि माझ्या गोळ्या मोजून ठेवते. आपण हिच्या एकदा तरी उपयोगी पडतोय, एवढंच त्या वेळी मनात होतं. त्या जागेवर तुझी सौमी येणार आहे, हे मला माहीत होतं. तरी मी म्हटलं.

दोन वर्षांपूर्वीचे दवाखान्याचे कागद होतेच, आणि ते खरे होते. त्यांच्यावर वकिलांनी शपथपत्र तयार केलं. कानडीत. "अर्जदाराचे सासरे चालू-फिरू शकत नाहीत, अंथरुणातून उठू शकत नाहीत." कागद कानडीत होता, म्हाताऱ्याला काय कळलं, असं म्हणायची सोय आहे मला. पण मला कानडी वाचता येतं हे तुझ्याइतकं कुणाला ठाऊक? सुताच्या गठ्ठ्यांना गुंडाळून आलेल्या पेपरांवरून मी मराठी शिकलो, आणि बसस्टँडवर उभा करून पाट्या दाखवून दाखवून कानडी तू शिकवलंस. पहिला शब्द 'खानापूर'. वाचता आला म्हणून तू मला तिथल्या तिथं मिसळ खाऊ घातलीस. त्याच अक्षरांत लिहिलेला तो कागद मी दोनदा वाचला आणि खाली सही केली.

जुलैत स्टे आला.

त्याच आठवड्यात सौमी हजर व्हायला केंद्रात आली. तिकडून तिला मोकळं केलं होतं. हातात हुकूम, खांद्याला बॅग, आणि आईचा नवा दवाखाना बघायला आलेली आरोही. डॉक्टरांनी तिला स्टेचा कागद दाखवला. तेजस्वी आत इंजेक्शन भरत होती. बाहेर आली तर समोर सौमी. मला वाटलं होतं ती भांडेल. भांडली असती तर बरं झालं असतं.

तेजस्वी घरी येऊन मला म्हणाली, "मामा, तिनं मला वहिनी म्हणून हाक मारली. म्हणाली, 'वहिनी, काकांस्नी परत झटका आला म्हणं. मला कुणी सांगितलंच न्हाय. जेवत्यात का?'"

ते ऐकून मी भिंतीकडे तोंड करून पडलो. पडायची तर परवानगीच होती मला.

पुढचं तू सोसलंस. तिकडची तिची जागा भरलेली, इकडची अडलेली. पंधरा दिवस तिनं जिल्हा कार्यालयाच्या बाकावर काढले, आणि शेवटी परत तिकडेच, दुसऱ्या कुठल्या तरी केंद्रात, निकाल लागेपर्यंत. आणि आरोही परत तुझ्याकडे, निपाणीत.

मी काय केलं तेही सांगतो. मी आजारी पडलो. वकिलांनी बजावलं होतं, "आप्पा, बाहेर पडायचं न्हाय. कुणी चालताना फोटो काढला की केस गेली." म्हणून बाहेरच्या खोलीत खाट टाकली. अनगोळ नाक्यावरचा सकाळचा चहा बंद. देवळात जाणं बंद. दारात चप्पल वाजली की पाय चादरीखाली. लोक भेटायला येतात, पाय दाबून बघतात, "बरं वाटंल की" म्हणतात. लकवा खरंच मारला होता तेव्हा मी एवढा थकलो नव्हतो रे. तेव्हा बरं व्हायचं होतं.

आणि माग बंद. गल्लीतला शेवटचा हातमाग. खड्ड्यात पाय सोडून दोन्ही पायांनी पावड्या दाबायच्या, हे काम अंथरुणावरचा माणूस कसं करणार? लकव्यानंतर तूच मला बगलेत धरून त्या खड्ड्यात उतरवलं होतंस. "पाय इथंच बरा होणार बघ तुझा, डॉक्टरकडं न्हाय," म्हणाला होतास. झालाही.

अडीच महिने मागाला हात लावला नाही. मग राहवेना. आजूबाजूला वीस यंत्रमाग खडखडत असताना माझ्या धोट्याचा आवाज कुणाला येतोय, असा विचार केला. ऑक्टोबरापासून दुपारी घरात कुणी नसलं की दार लावून, खिडकीच्या उजेडात बसायला लागलो. एक सुती लुगडं मागावर घातलं होतं, ते पुढं सरकू लागलं.

आता त्या सोमवारचं, दिवाळीच्या आदल्या आठवड्यातलं.

त्या दुपारी मी असाच बसलो होतो. काठाचं नक्षीकाम होतं, डोकं त्यातच. लाईट कधी गेली मला कळलंच नाही. मला लाईट लागत नाही ना. गल्लीतले सगळे यंत्रमाग एकदम गप्प झाले असतील. मी मात्र ठोके टाकतच राहिलो. अख्ख्या गल्लीत एकट्या माझ्याच मागाचा आवाज, आणि मला तो नेहमीसारखाच झाकलेला वाटत होता. पन्नास वर्षं या धंद्यात काढून मी आजूबाजूच्या शांततेकडे लक्ष दिलं नाही.

संध्याकाळी शेजारची अक्काताई आली. हातात पिशवी. म्हणाली, "मष्णूआण्णा आलतं की. उद्या लेकीची तारीख हाय म्हणून गावात आलतं. तुमच्याच कट्ट्यावर बसलं व्हतं लई वेळ."

मी म्हटलं, "कधी?"

"लाईट गेल्ती तवा. मी माझ्या कट्ट्यावर लसूण सोलत व्हते. डोळं मिटून बसलं व्हतं. मी म्हटलं, आण्णा, आत जावा की. तर म्हणालं, 'न्हाय गं, माणूस आजारी हाय. कशाला उठवायचं.' ही मोसंबी दिल्यात तुमच्यासाठनं."

मष्णू, तू जन्मभर माझ्या मागाची थट्टा केलीस. "सुबरावचा माग पोटात दुखल्यागत कण्हतोय" म्हणायचास. आता तर डावा पाय जरा उशिरा पडतो, म्हणून दोन ठोक्यांनंतर एक मागं राहतो. आंधळ्यालाही कळेल कुणाचा पाय आहे. तू मोसंबी घेऊन आजाऱ्याला भेटायला आलास, आणि आजाऱ्याचे दोन्ही पाय आतून तुला ऐकू येत होते. आणि तू डोळे मिटून बसलास. किती वेळ बसलास? अक्काताईला नक्की सांगता येईना. "माझं पावशेर लसूण सोलून झालं," म्हणाली.

दुसऱ्या दिवशी वकील आले ते खुशीत. म्हणाले, "आप्पा, तुमचा मित्र आपल्याच बाजूचा निघाला. त्यांच्या वकिलानं व्हरांड्यात त्यांस्नी विचारलं, 'तुम्ही एका गल्लीतले. तो म्हातारा खरंच अंथरुणावर हाय काय? न्हायतर डॉक्टर पाठवून तपासायची मागणी करतो.' मी शेजारीच उभा. तर ते म्हणालं, 'काल गेलतो मी. झोपूनच हाय.' झालं! त्यांनी तो मुद्दाच सोडला. आता अठरा तारखेला शेवटचं बोलणं."

विक्रमनं वकिलांना चहा दिला. मी चादर डोक्यावरून घेतली.

तू तसं का म्हणालास, हे मी विचारणार नाही. तुझी लेक शेजारीच उभी असेल. तिच्या समोर, तिच्या विरुद्ध तू ते म्हणालास. मोसंबी अजून कोनाड्यात आहेत. सुकून लिंबाएवढी झाली. आजाऱ्यासाठी आणलेली, मी कशी खाऊ?

१० नोव्हेंबर

आज पत्र पुरं करतो.

शनिवारी सकाळी डबे भरायच्या वेळेला मी खाटेवरून उठलो, स्वयंपाकघरात जाऊन पाटावर बसलो आणि सगळं सांगितलं. तू कट्ट्यावर बसलेला, मोसंबी, व्हरांडा, सगळं. म्हटलं, अठरा तारखेला मी चालत ट्रायब्युनलात येणार आणि तो कागद माझा खोटा आहे म्हणून सांगणार.

विक्रम एवढा ओरडला की अक्काताईच्या दाराची कडी वाजली. "आप्पा, तुम्हीच म्हटलासा ना, मी हाय की? आता आपल्याच घरावर नांगर फिरवताय? पोराची दहावी हाय! आणि त्या मष्णूकाकांनी तर काय म्हटलं न्हाय!"

मी म्हटलं, "त्यानं काय म्हटलं न्हाय, म्हणूनच."

त्यानं वकिलांना फोन लावला. वकील म्हणाले, म्हातारा तिथं चालत आला तर खोट्या शपथेचं प्रकरण म्हाताऱ्यावरच उलटेल, त्यांना घरात बसवा. विक्रमनं फोन माझ्यापुढं केला. "ऐकलासा?" मी म्हटलं, उलटू दे. या वयात आणखी कुठं बदली करतील माझी?

तेजस्वी डब्याचं झाकण हातात घेऊन उभी होती. मग विक्रमला नाही, मला म्हणाली, "मामा, पाच महिने झालं, कुणी दारात आलं की मी तुमच्या पायावर चादर ओढत्ये. नर्सबाई हाय मी. बऱ्या माणसाच्या पायावर चादर. मलाबी शीण आलाय."

विक्रम म्हणाला, "मग जातीस काय यादगिरीला?"

तिनं झाकण लावलं, डबा पिशवीत घातला. उंबऱ्यापर्यंत गेली आणि तिथून म्हणाली, "मीच अर्ज मागं घेते. म्हणजे मामांस्नी कुठं उभं राहायला नको." मग चपला घालता घालता, "तिकडं ऊन लई असतंय म्हणं. मागावरचं ते सुती लुगडं पुरं करा तेवढं."

मष्णू, मी एका लेकीचं हिसकावून दुसरीला दिलं, आणि आता दुसरीचं काढून पहिलीला देतोय. यात माझा मोठेपणा काही नाही. दोन्ही वेळा जायचं त्या पोरींनाच आहे. मी इथंच असणार, गोळ्या मोजत. स्वरूपचा डबा मी करीन म्हटलंय. माझा भात कसा होतो तुला ठाऊक आहे. पोरगं दहावी पास होईल ते उपाशीपोटीच.

विक्रम दोन दिवस माझ्याशी बोललेला नाही. तो रोज तेजस्वीला समजावतोय, आणि तेजस्वी दमलेली आहे. दमलेला माणूस कधी "बरं" म्हणून बसेल सांगता येत नाही. म्हणून हे पत्र. अठरा तारखेला आमच्या बाजूनं अर्ज मागं घेतला गेला तर हे चुलीत घाल. नाही घेतला गेला तर तुझ्या वकिलाच्या हातात दे. डॉक्टर पाठवायची गरज नाही, सगळं माझ्याच अक्षरात आहे. या वेळी माझ्यासाठी गप्प बसू नकोस. तुला आरोहीची शपथ घालत नाही, शपथ या शब्दावर माझा आता हक्क राहिलेला नाही. नुसतं सांगतो.

सौमीला खरं सांग. ती "जेवत्यात का" म्हणाली होती. तिला म्हणावं, जेवतो. दोन्ही वेळा, खाली बसून, मांडी घालून.

आज दार उघडं ठेवून माग चालवला. अक्काताई येऊन उंबऱ्यात उभी राहिली, माझ्या पायांकडे बघितलं आणि गेली. उद्यापर्यंत गल्लीला कळेल. कळू दे.

आता लुंगी बदलून, टोपी घालून, गल्लीच्या मधोमध चालत पोस्टापर्यंत जातो आणि हे पाकीट माझ्या हातानं टाकतो. सही खाली करतो, पूर्ण करतो. शपथपत्रावर केली होती तीच. ताडून बघ म्हणावं.

ज्याच्या कट्ट्यावर तू बसून गेलास, आणि जो आत पाय हलवत होता, तो तुझा

सुबराव भावकू कामकर